तिसऱ्या सिलिंडरचे दुखणे

आम्हा काही विज्ञानशिक्षकांच्या गटाकडे एक जुनी पेट्रोल मोटार होती. १९८४ सालची. मागच्या सीटवर दुर्बीण, डिकीत स्लाइड प्रोजेक्टर आणि टपावरच्या कॅरिअरवर गुंडाळलेला पडदा अशा थाटात ती वाई-पाचगणीच्या बाजूला शाळाशाळांतून हिंडत असे. ती एकूण किती किलोमीटर चालली होती, हा प्रश्न दिसतो तितका सोपा नव्हता. तिच्या किलोमीटर मोजणाऱ्या यंत्राला पाचच आकडे होते. ९९,९९९ नंतर ते पुन्हा शून्यावर आले. म्हणून यंत्रावर ४१,००० दिसत असले तरी ते १,४१,००० असे वाचायचे, हे गाडी चालवणाऱ्या प्रत्येकाला आधी सांगून ठेवावे लागे.

मे २००४ मध्ये ही गाडी पसरणीच्या घाटात दमली. एरवी दुसऱ्या गिअरमध्ये चढणारी गाडी पहिल्या गिअरमध्येही कुंथू लागली. उभ्या जागी इंजिन चालू ठेवले की सारी गाडी थरथरे आणि मागच्या नळीतून ‘फट्... फट्...’ असा अडखळता आवाज येई. वेळही नेमकी वाईट होती. ८ जूनला शुक्राचे अधिक्रमण होते, म्हणजे शुक्राचा काळा ठिपका सूर्यबिंबावरून सरकताना दिसणार होता. याआधीचे अधिक्रमण झाले होते १८८२ साली! दुर्बिणीतून सूर्याची प्रतिमा पडद्यावर पाडून ती तीन गावांतल्या मुलांना दाखवायची, असे आम्ही कबूल करून बसलो होतो.

पहिल्या गॅरेजमध्ये गाडी दाखवली. त्यांनी एका दिवसात चारही स्पार्क प्लग, प्लगच्या तारा, पॉइंट, कंडेन्सर आणि कार्बुरेटरचे वायसर बदलले. औषधे पाच झाली, दुखणे होते तसेच राहिले. मग निदान मिळाले ते असे: “सर, दीड लाख किलोमीटर झालेत. निळा धूर मारते. रिंगा गेल्या. इंजिन उतरवून रिबोअर करावं लागेल.” त्याचा जो खर्च सांगितला, त्यापेक्षा गाडी भंगारात जास्त फायद्याची होती. गटाच्या बैठकीत गाडी विकून टाकावी असे म्हणणारे तिघे निघाले.

विद्यार्थी मित्रांनो, या निदानात चूक कोठे आहे पाहा. गाडी दीड लाखाच्या घरात गेली होती, हे खरे. निळा धूर येत होता, हेही खरे. दट्ट्याच्या, म्हणजे पिस्टनच्या, कड्या थोड्याफार झिजल्या होत्या हेसुद्धा खरेच निघाले. पण घाटात गाडी दमली ती या कारणाने नव्हे! जुन्या, फार फिरलेल्या यंत्राचे निदान अवघड असते ते याचसाठी. नव्या गाडीत एकच काहीतरी बिघडलेले असते. ते सापडले की काम झाले. जुन्या गाडीत मात्र जिथे हात घालाल तिथे काहीतरी झिजलेले सापडतेच. दोष सापडणे सोपे. समोरच्या लक्षणाचा दोष कोणता, हे ठरवणे अवघड. म्हाताऱ्या माणसाचे गुडघे दुखत असतात म्हणून त्याचा ताप गुडघ्यामुळे आला असे कोणी म्हणत नाही. गाडीच्या बाबतीत मात्र आपण सर्रास तसे म्हणतो.

सामाईक काय, स्वतंत्र काय?

शेवटी आम्ही गाडी हळूहळू चालवत वाईतल्या एका वृद्ध मिस्त्रींकडे नेली. त्यांनी बॉनेट उघडले, पण पाना हातात घेतला नाही. म्हणाले, “सर, इंजिन खोलायला दोन दिवस लागतात. न खोलता काय कळतंय ते आधी बघू.” पुढचे तीन तास मी वहीपेन्सिल घेऊन त्यांच्या शेजारी उभा होतो. त्या वहीवरून हा लेख लिहीत आहे.

आधी थोडी उजळणी करू. १८७६ साली जर्मनीत निकोलाउस ऑटो यांनी चार धावांचे इंजिन यशस्वी करून दाखवले. आपल्या गाडीतले इंजिन त्याच तत्त्वावर चालते. पहिल्या धावेत दट्ट्या खाली जातो आणि उघड्या प्रवेश-झडपेतून पेट्रोल व हवा यांचे मिश्रण आत ओढले जाते. दुसऱ्या धावेत दोन्ही झडपा बंद असतात आणि वर येणारा दट्ट्या ते मिश्रण दाबतो. ठिणगी पडते, मिश्रण पेटते आणि तिसऱ्या धावेत दट्ट्या जोराने खाली ढकलला जातो. काम होते ते एवढ्या एकाच धावेत. चौथ्या धावेत निकास-झडप उघडते व जळका वायू बाहेर पडतो.

म्हणजे प्रत्येक सिलिंडरला तीनच गोष्टी लागतात: योग्य मिश्रण, पुरेसा दाब आणि वेळेवर ठिणगी. तीनांपैकी एक जरी नसली तरी तो सिलिंडर आळशी होतो. नुसता आळशी नव्हे, तर उरलेल्या तिघांच्या मानेवर बसतो. कारण त्याच्या दट्ट्याला वर-खाली ओढण्याचे कामही त्यांनाच करावे लागते. म्हणून चारांतला एक सिलिंडर बंद पडला तर शक्ती पाव हिश्शाने नव्हे, त्याहून बरीच जास्त घटते.

आता मिस्त्रींचा पहिला प्रश्न ऐका. “चारही बिघडलेत की एकच?” वरवर साधा वाटणारा हा प्रश्न फार मोलाचा आहे. इंजिनातले काही भाग चारही सिलिंडरांत सामाईक असतात. कार्बुरेटर, पेट्रोलचा पंप, हवेची गाळणी, कॉइल, पॉइंट आणि कंडेन्सर हे सारे सामाईक. यातला एखादा बिघडला तर चौघांनाही झळ पोचायला हवी. काही भाग मात्र ज्याचे त्याचे स्वतंत्र असतात: प्लग, त्याची तार, दोन झडपा, दट्ट्या आणि त्याच्या कड्या. दोष एकाच सिलिंडरचा ठरला तर सामाईक भागांची सारी यादी एका फटक्यात निकालात निघते. आमच्या पहिल्या गॅरेजने हा प्रश्न विचारला असता तर कंडेन्सर आणि कार्बुरेटर यांच्या वाटेला जायची गरजच नव्हती.

मग चारांतला आळशी कोण, हे कसे शोधायचे? इंजिन मंद गतीने, मिनिटाला सुमारे ८०० फेऱ्यांवर चालू ठेवले. चार धावा म्हणजे दोन फेरे. तेव्हा प्रत्येक सिलिंडर मिनिटाला ४०० वेळा पेटतो. चौघांचे मिळून १,६००, म्हणजे सेकंदाला सुमारे २७ स्फोट. एवढ्या घाईत एक स्फोट चुकला तर कानाला ‘एक चुकला’ एवढेच कळते, कोणाचा ते कळत नाही. यावर मिस्त्रींची युक्ती उलटी होती. बिघडलेला शोधण्याऐवजी त्यांनी चांगले सिलिंडर एकेक करून मुद्दाम बंद केले. रबरी मुठीच्या पक्कडीने पहिल्या प्लगची तार काढली. इंजिन लगेच आणखी अडखळले, म्हणजे पहिला काम करत होता. तार परत लावली. दुसऱ्याची काढली, पुन्हा तेच. तिसऱ्याची काढली आणि काहीच झाले नाही! जो काम करतच नव्हता, त्याला बंद केल्याने काय फरक पडणार?

येथे एक सूचना. प्लगच्या तारेत पंधरा-वीस हजार व्होल्ट इतका उच्च दाब असतो. हा प्रयोग तुम्ही करायचा नाही. माहीतगार माणूस करत असेल तर लांबून पाहायचा. आजच्या इलेक्ट्रॉनिक गाड्यांत तर अशी तार काढल्याने महागडे भाग जळू शकतात. आणि बंद गॅरेजमध्ये इंजिन कधीही चालू ठेवू नये; कार्बन मोनॉक्साइडला ना रंग ना वास.

तिसऱ्या सिलिंडरचा प्लग काढून पाहिला. काळाकुट्ट आणि पेट्रोलने ओला. मी उत्साहाने म्हणालो, “मिस्त्री, प्लगच खराब दिसतोय!” ते हसले. हा प्लग नवा होता, हे मी विसरलो होतो. त्यांनी काय केले, तर तिसऱ्याचा प्लग पुसून पहिल्याला लावला आणि पहिल्याचा तिसऱ्याला. बाकी कशालाही हात लावला नाही. इंजिन चालू केले. पहिला सिलिंडर ओल्या प्लगवरही छान चालला आणि तिसरा चांगल्या प्लगवरही गप्पच राहिला. नंतर तारांचीही अशीच अदलाबदल केली. दोष जागचा हलला नाही.

प्रयोगशाळेत आपण एका वेळी एकच गोष्ट बदलतो, ते याचसाठी. पाच वस्तू एकदम बदलल्या आणि दुखणे गेले, तरी कोणत्या वस्तूने गेले ते कळत नाही. नाही गेले, तर पाचांतल्या एखाद्या नव्या वस्तूने आणखी एखादा दोष तर घुसवला नाही ना, ही शंका उरते. अदलाबदलीत आणखी एक फायदा आहे, नवे काही विकत घ्यावे लागत नाही. ओला प्लग हे दुखण्याचे कारण नव्हते, परिणाम होता: मिश्रण पेटत नव्हते म्हणून प्लग पेट्रोलने भिजत होता.

ठिणगी निर्दोष ठरली. मिश्रण सामाईक कार्बुरेटरमधून येते, तेव्हा तेही बहुतेक निर्दोष. ‘बहुतेक’ अशासाठी की तिसऱ्या सिलिंडरच्या तोंडाशी जोडात फट असेल तर तिथून जादा हवा शिरून त्याच्यापुरते मिश्रण पातळ होऊ शकते. मिस्त्रींनी जोडावर ऑइलच्या कॅनने दोन थेंब सोडून पाहिले. ऑइल आत ओढले गेले नाही. उरला दाब.

सायकलचा पंप आणि इंजिनाचा दाब

दाब मोजण्याची रीत सांगण्याआधी घरचा एक प्रयोग करा. सायकलचा हातपंप घ्या, त्याच्या तोंडावर बोट घट्ट धरा आणि दांडा दाबा. पंप चांगला असेल तर दांडा अर्ध्यावर अडतो आणि सोडला की मागे उसळतो. पंप जुना असेल तर दांडा फुसकन तळापर्यंत जातो. दांड्याला आत चामड्याचा वायसर असतो. तो सुकला, आकसला की हवा त्याच्या कडेने निसटते. सायकलवाला काय करतो? पंपात तेलाचे चार थेंब सोडतो. चामडे ओले होते, कडेची फट तेलाने बुजते आणि पंप पुन्हा जोर धरतो. पण समजा, वायसर ठीक आहे आणि पंपाची रबरी नळीच फाटली आहे. मग कितीही तेल घाला, हवा नळीतून जातच राहील. हे लक्षात ठेवा, थोड्याच वेळात उपयोगी पडेल.

इंजिनाचा दाब मोजायला चारही प्लग काढतात, प्लगच्या भोकात दाबमापक घट्ट बसवतात आणि स्टार्टरने इंजिन पाच-सहा वेळा फिरवतात. इंजिन आधी गरम असावे लागते, बॅटरी चांगली असावी लागते आणि अॅक्सिलरेटर पूर्ण दाबून धरावा लागतो. नाहीतर आत पुरेशी हवाच जात नाही आणि चांगले इंजिनही रोगट दिसते. कॉइलचे कनेक्शनही काढून ठेवतात, म्हणजे ठिणगी पडत नाही.

किती दाब यायला हवा? समजा, दट्ट्या मिश्रणाला आठव्या हिश्शात कोंबतो. बॉइलच्या नियमाने दाब आठ वातावरण व्हावा. पण हा नियम तापमान स्थिर असेल तरच लागू पडतो, आणि पंप मारताना त्याचे तोंड गरम लागते हे तुम्हांला माहीत आहे. उष्णता मुळीच बाहेर गेली नाही असे धरले तर हिशेब अठरा वातावरणांच्या आसपास जातो. प्रत्यक्षात थोडी उष्णता सिलिंडरच्या भिंतींत जाते, थोडी हवा कड्यांतून निसटते आणि प्रवेश-झडप दट्ट्या वर निघाल्यावर जराशी उशिराच बंद होते. त्यामुळे खरा आकडा या दोहोंच्या मध्ये येतो. अशा जातीच्या धडधाकट इंजिनात मापकाचा काटा दर चौरस इंचाला १४० पौंडांच्या जवळ जातो. (गॅरेजातली मापके अजूनही पौंडांतच बोलतात. १४.२ ने भागले की दर चौरस सेंटिमीटरला किलोग्रॅम मिळतात.)

आमच्या गाडीचे आकडे वहीत असे आहेत: पहिला ११८, दुसरा १२०, तिसरा ६५, चौथा ११६.

या चार आकड्यांत दोन वेगवेगळ्या गोष्टी लिहिलेल्या आहेत. पहिला, दुसरा व चौथा हे तिघे १४० ऐवजी ११८ च्या आसपास आहेत. हे वय झाले. पण तिघेही सारखेच म्हातारे झाले आहेत. वयाने झिजणारी गोष्ट साधारण सगळीकडे सारखी झिजते. तिसऱ्याचा ६५ हा आकडा मात्र वयाचा नाही, त्याला काहीतरी वेगळे झाले आहे. पहिल्या गॅरेजने निळ्या धुरावरून ‘रिंगा गेल्या’ असे म्हटले, ते चौघांनाही थोडे थोडे लागू होते. घाटातली दमछाक एकट्या तिसऱ्याची होती.

मग मिस्त्रींनी सायकलच्या पंपाचीच युक्ती केली. प्रत्येक सिलिंडरमध्ये प्लगच्या भोकातून चहाचा एक चमचा इंजिन ऑइल सोडले आणि दाब पुन्हा मोजला. दट्ट्याच्या कड्यांभोवती ऑइल पसरून तिथली फट काही क्षण बुजते. पहिल्याचा आकडा ११८ वरून १३० वर गेला. दुसरा व चौथाही तसेच वाढले. तिसरा ६५ वरून ६८! सिलिंडरच्या माथ्यावर असलेल्या झडपांपर्यंत ऑइल पोचत नाही. तेव्हा तिसऱ्यातली गळती ‘वायसर’ची नव्हती, ‘फाटक्या नळी’ची होती.

फुसफुस कोठून येते?

आता हवा जाते कोठून? वाटा मोजक्याच आहेत. कड्यांजवळून निसटली तर ती खालच्या ऑइलच्या टाकीत जाईल आणि ऑइल भरायच्या तोंडाशी ऐकू येईल. प्रवेश-झडपेतून गेली तर कार्बुरेटरमध्ये फुसफुसेल. निकास-झडपेतून गेली तर मागच्या सायलेन्सरच्या नळीत. इंजिनाचा माथा आणि धड यांच्यामधले गॅस्केट फाटले असेल तर रेडिएटरच्या पाण्यात बुडबुडे येतील, किंवा शेजारच्या सिलिंडरच्या प्लगच्या भोकातून वारा येईल.

मिस्त्रींकडे एक गमतीचे हत्यार होते. जुन्या स्पार्क प्लगमधली चिनी मातीची कांडी फोडून काढून त्या जागी ट्यूबचा व्हॉल्व्ह डाखून बसवलेला. दाबाच्या धावेच्या शेवटी, जेव्हा दोन्ही झडपा बंद असतात, त्या स्थितीत तिसरा दट्ट्या अगदी वर आणला, गाडी गिअरमध्ये टाकली आणि ते हत्यार प्लगच्या जागी पिळून पायपंप जोडला. वर आलेल्या दट्ट्यावर दाब पडला तरी तो फिरत नाही, कारण त्या क्षणी त्याचा दांडा आणि खालचा भुजा एका रेषेत येतात. सायकलचे पायडल बरोबर माथ्यावर असताना वरून सरळ दाबून पाहा म्हणजे कळेल. तरी तिथे हात घालू नये.

मी पंप मारू लागलो. मिस्त्रींनी आधी कार्बुरेटरला कान लावला. मान हलवून नकार. ऑइलच्या तोंडाशी अगदी बारीक आवाज. रेडिएटर शांत. मग ते मागे गेले आणि सायलेन्सरच्या नळीशी बसले. “या सर, ऐका.” नळीतून स्पष्ट फुसफुस येत होती. तिसऱ्या सिलिंडरची निकास-झडप बंद होत नव्हती. तोवर इंजिनाचा एकही बोल्ट सैल केलेला नव्हता.

खरे तर ही गोष्ट सकाळीच कळली असती. मंद चाललेल्या इंजिनाच्या मागच्या नळीसमोर कागदाची पट्टी धरली तर धडधाकट इंजिन ती एकसारखी बाहेर ढकलत राहते. आमच्या गाडीपुढे धरलेली पट्टी मधूनच नळीकडे ओढली जात होती! गळक्या निकास-झडपेचा सिलिंडर मिश्रण ओढण्याच्या धावेत थोडा वायू मागच्या नळीतूनही ओढून घेतो, हे त्याचे कारण. ही खूण मिस्त्रींनी मला शेवटी दाखवली. आधी का नाही दाखवली, असे विचारले तेव्हा म्हणाले, “कागद कधी कधी फसवतो. आकडा मिळाल्यावर दाखवलेला बरा.”

झडप का बंद होईना?

निकास-झडपेचे जिणे मोठे खडतर आहे. पेटत्या वायूत तिचे तोंड ७०० अंश सेल्सिअसच्या घरात तापते. बंद असताना ती ज्या कड्यावर टेकते, त्याला मिस्त्री लोक ‘सीट’ म्हणतात. झडपेची बरीचशी उष्णता या टेकण्यातूनच निघून जाते. म्हणजे टेकणे हेच तिचे थंड होणे. ती पुरती टेकली नाही, तर फटीतून ज्वाला निसटते, कड जळते, फट वाढते आणि आणखी ज्वाला निसटते.

तापल्यावर झडपेचा दांडा लांबतो. शंभर मिलिमीटर लांबीचा पोलादी दांडा ४०० अंशांनी तापला तर तो सुमारे अर्धा मिलिमीटर वाढेल. भोवतालचा माथाही तापून वाढतो, म्हणून प्रत्यक्ष फरक याहून कमी. एवढ्यासाठी झडप आणि तिला दाबणारा ठोका यांच्यामध्ये मिलिमीटरच्या दोन-तीन दशांशांएवढी फट मुद्दाम ठेवलेली असते. तिला टॅपेटची फट म्हणतात. ती मोजायला पातळ पोलादी पात्यांचा जुडगा वापरतात. तिसऱ्या निकास-झडपेशी मिस्त्रींनी एकेक पाते लावून पाहिले. सर्वांत पातळ पातेही आत जाईना. फट शून्य झाली होती! गरम झाल्यावर लांबलेली झडप सीटवर टेकणार कशी?

आता तुम्ही विचाराल, इतर सगळ्या फटी झिजून वाढतात, मग ही कमी कशी झाली? झडप आपल्या सीटवर आपटून आपटून सीटमध्ये बसत जाते. ती जितकी आत रुतते, तितका तिचा दांडा दुसऱ्या टोकाला वर येतो आणि फट गिळत जातो. किती वेळा आपटली असेल? ताशी ६० किलोमीटर वेगाला इंजिन मिनिटाला सुमारे ३,००० फेरे करते असे धरू. ताशी ६० म्हणजे मिनिटाला एक किलोमीटर; तेव्हा एका किलोमीटरला ३,००० फेरे, आणि दोन फेऱ्यांत झडप एकदा मिटते. १,४१,००० किलोमीटरांत ती एकवीस कोटींहून अधिक वेळा आपटली. घाटातले खालचे गिअर धरले तर याहूनही जास्त.

याला आणखी एक पदर आहे. १९२१ साली अमेरिकेत टॉमस मिजली यांना असे आढळले की टेट्राएथिल लेड हे शिशाचे संयुग पेट्रोलमध्ये थोडेसे मिसळले की इंजिनातली ठोकर थांबते. या शिशाचा एक अनपेक्षित फायदाही झाला. त्याच्या संयुगांचा पातळ थर झडप आणि सीट यांच्यामध्ये गादीसारखा बसे. शिसे मुलांच्या मेंदूला घातक आहे हे सिद्ध झाल्यावर जगभर ते काढून टाकण्यात आले. आपल्याकडे १९९५ मध्ये चार महानगरांत शिसेरहित पेट्रोल मिळू लागले आणि १ फेब्रुवारी २००० पासून देशभर तेच आले. ज्या जुन्या इंजिनांच्या सीट साध्या बिडाच्या होत्या, त्यांची ही गादी गेली. आमच्या गाडीत हेच घडले असे छातीठोकपणे म्हणता येणार नाही. एवढ्या प्रवासात सीट तशीही रुतते. पण घडले असले तरी माझी तक्रार नाही. मुलांच्या रक्तातले शिसे कमी होणार असेल तर एका झडपेचा सौदा फार स्वस्त आहे.

मिस्त्रींनी फट पुस्तकातल्या मापाला लावली आणि दाब पुन्हा घेतला. ६५ चे ८४ झाले. सुधारणा झाली, पण ११८ काही आले नाहीत. अर्थ उघड होता: झडपेची कड आधीच जळली होती. आता माथा उघडायला हरकत नव्हती, कारण आत काय पाहायचे ते ठाऊक होते. झडप काढली तर तिच्या गोल कडेचा एक लहानसा तुकडा उंदराने कुरतडल्यासारखा गेलेला. नवी झडप आणली, सीट हलकेच कापून साफ केली, खरडपेस्ट लावून झडप हाताने गोल गोल घासून बसवली, बाकीच्या सात झडपाही घासल्या आणि नवे गॅस्केट घालून माथा आवळला. शेवटचे आकडे: ११९, १२१, ११७, १२०.

आणि निळा धूर? तो राहिला! दट्ट्याच्या कड्या झिजलेल्या होत्याच. मिस्त्री म्हणाले, “महिन्याला लिटरभर ऑइल जास्त लागेल, घाला. रिबोअर पुढं कधीतरी.” मला हा सल्ला फार आवडला. सगळे दोष एकदम दूर करायचे ठरवले असते तर गाडी भंगारातच गेली असती. ८ जूनला ती दुर्बीण घेऊन पसरणीचा घाट दुसऱ्या गिअरमध्ये चढली. पावसाळी ढगांनी दोन तास छळले, पण दुपारी एका शाळेच्या पटांगणात पांढऱ्या पडद्यावर शुक्राचा ठिपका दिसला.

आजच्या गाडीत कार्बुरेटर नाही, पॉइंट नाहीत. १ एप्रिल २०२० पासून विकल्या जाणाऱ्या ‘भारत स्टेज ६’ मोटारींत तर इंजिनावर सतत पहारा ठेवणारा संगणक असतो. बिघाड झाला की तो दिवा लावतो आणि यंत्र जोडले की संकेतांक सांगतो. ‘पी ०३०३’ आला तर तिसरा सिलिंडर नीट पेटत नाही असे समजायचे. संगणकाला हे कसे कळते? इंजिनाच्या दांड्यावरच्या दातेरी चाकाची गती तो क्षणोक्षणी मोजतो. प्रत्येक स्फोटानंतर दांडा किंचित वेग घेतो. तिसऱ्याच्या पाळीला तो घेत नाही, हे त्याला दिसते. म्हणजे तारा काढून मिस्त्रींच्या कानाने जे केले तेच. पण ठिणगी चुकली, पेट्रोल पोचले नाही की दाब गेला, हे तो संकेतांक सांगत नाही. तो वाचून लगेच प्लग किंवा कॉइल बदलणारे पुष्कळ भेटतात. तिथून पुढचे तीन प्रश्न अजून माणसालाच विचारावे लागतात.

आता तुमच्यासाठी एक काम. दुसऱ्या एका जुन्या गाडीचे आकडे माझ्या वहीत आहेत: १२२, ६०, ६२, १२०. दुसऱ्या व तिसऱ्या सिलिंडरमध्ये ऑइल सोडले तरी आकडे हलले नाहीत. टॅपेटच्या सर्व फटी मापात होत्या. रेडिएटरच्या पाण्यात बुडबुडे नव्हते. दुसऱ्या सिलिंडरमध्ये पायपंपाने हवा भरली, तर मिस्त्रींनी कान कोठे लावायला हवा?